गावपळणीचा चौथा दिवस

आमच्या गावाचं नाव मी सांगणार नाही. सांगितलं तर गावकर मंडळी जाब विचारायला दारात येतील आणि वर मलाच त्यांना चहा करून द्यावा लागेल. आचऱ्याच्या अलीकडे, नदीच्या काठाला आमचं गाव आहे, एवढं पुरे. आचऱ्याची गावपळण आता सगळ्यांना ठाऊक झाली आहे, टीव्हीवालेसुद्धा येतात. आमचं गाव लहान, म्हणून आमच्याकडे कुणी फिरकत नाही. पण गावपळण आमच्याकडेही असते. ठरलेल्या वर्षी रवळनाथाला कौल लावतात. देवानं हो म्हटलं की सगळं गाव गुरंढोरं, कोंबड्या, कुत्री घेऊन वेशीबाहेर निघतं. तीन दिवस गावात माणूस राहत नाही, चूल पेटत नाही. मग वेशीबाहेरच पुन्हा कौल लावायचा, म्हणजे देवाच्या दोन्ही अंगांना फुलाच्या पाकळ्या चिकटवून कुठली आधी पडते ते बघायचं. पाकळी उजवीकडची पडली तर घरी परत, डावीकडची पडली तर मुक्काम वाढला.

मी मूळची धामापूरची. तिथं तळं होतं, भगवती होती, पण घर सोडून माळावर झोपायची भानगड नव्हती. लग्न होऊन इथं आल्यावर पहिल्या गावपळणीला मी सासूबाईंना विचारलं होतं, "आणि देवान परत जावक नाय म्हटल्यान तर?" त्या म्हणाल्या, "तर रवाचा. घर खंय पळान जाता?" मला ते उत्तर फार आवडलं होतं. पुढं त्याच उत्तरानं माझी नोकरी धोक्यात आणली.

नदीच्या पलीकडे, म्हणजे आमच्या हद्दीच्या बाहेर, आमच्या आणि पलीकडच्या गावाच्या सरकारी नळयोजनेची विहीर आणि पंपघर आहे. योजना सुरू झाली तेव्हा पंप चालवायला पुरुष मिळेना. जो तो एकतर बोटीवर, नाहीतर गोव्याला. योजनेच्या साहेबांनी वैतागून विचारलं, "इथं कुणाला बटण तरी दाबता येतं का?" मी पुढं होऊन म्हटलं, "माका येता." बाई पंपावर बसली म्हणून गावानं मनसोक्त चेष्टा केली. पुढं घागरी वेळेवर भरायला लागल्या तशी चेष्टा थांबली. वर्षभरानं दुसऱ्या पाळीला भिकाजी आला. तो पलीकडच्याच गावचा, माझ्याहून लहान, बोलायला कमी आणि ऐकून घ्यायला तयार. माझा स्वभाव तापट. त्याबद्दल आमच्या ह्यांना विचाराल तर संध्याकाळ होईल. माझ्याशी पाळी बदलायची म्हणजे भिकाजीसारखाच माणूस हवा.

आम्ही दोघंही रोजंदारीवर. आलात त्या दिवसाचे मिळाले, नाही आलात तर नाही. आजारी पडलात तर तुमचं तुम्ही बघा, म्हातारे झालात तरी तुमचं तुम्हीच बघा. पंपाच्या आवाजानं माझे कान गेले, व्हॉल्व्ह फिरवून फिरवून भिकाजीचा खांदा गेला, पण सरकारच्या लेखी आम्ही रोज सकाळी नव्यानं उगवत होतो. शेवटी जिल्ह्यातल्या आमच्यासारख्यांनी मिळून कोर्टात दावा लावला. तो इतका लांबला की मधल्या मध्ये दोघंतिघं देवाघरी गेले. निकाल लागला तो आमच्या बाजूनं. जिथं मंजूर जागा असेल तिथं सेवाज्येष्ठतेप्रमाणे माणसाला कायम करा, असा हुकूम झाला.

आमच्या पंपाला मंजूर जागा होती एकच. पण मी निर्धास्त होते. मी आधी लागलेली, हे नदीतल्या माशालाही ठाऊक होतं. शिवाय माझं वय झालेलं. साठीला घरी बसवणार, म्हणजे हातात थोडीच वर्षं. त्या आत कायम झाले तर म्हातारपणाला आधार, नाही तर ज्या पदरानं आले त्याच रिकाम्या पदरानं घरी. भिकाजीनंही तेच धरलं होतं. "आधी तू, वयनी. तुझ्यामागसून मी," असं तो म्हणायचा.

मग ज्येष्ठतेची यादी लागली. पहिला भिकाजी. दुसरी मी. माझ्या नावापुढं शेरा होता, 'सेवेत खंड'.

कुडाळच्या इशिता वकील आमची केस बघत होत्या. वय माझ्या मुलीएवढं, पण डोकं थंड. त्यांनी कागद काढून बघितले आणि सांगितलं, "शर्मिलाताई, फार मागच्या एका गावपळणीला तुम्ही तीन दिवसांची सुट्टी घेतली होती. चौथ्या दिवशी परवानगीशिवाय गैरहजर, अशी नोंद आहे. त्यानंतर तुम्हाला नव्यानं कामावर घेतल्याचं दाखवलंय. म्हणजे तुमची सेवा तिथून मोजली जाते. भिकाजी त्याच्या आधीचे ठरतात."

माझं डोकं फिरलं. ती गावपळण मला चांगली आठवत होती. तिसऱ्या दिवशी देवानं डावा कौल दिला आणि आम्ही माळावरच राहिलो. पण पंपघर हद्दीबाहेर! तिथं जायला देवाची काय आडकाठी? चौथ्या दिवशी सकाळी मी पेज जेवून थेट पंपावर गेले. मोटार सुरू केली, दोन्ही गावांचं पाणी सोडलं. आमच्या गावात कुणी नव्हतं, तरी माळावरच्या बायका पंपघराच्या नळावर घागरी लावून उभ्या होत्या. हजेरीचं मस्टर तेवढं आमच्या गावातल्या खोलीत कुलपात होतं आणि गावात पाऊल टाकायची सोय नव्हती. संध्याकाळी कौल उजवा झाला आणि दुसऱ्या दिवशी आम्ही वाजतगाजत गावात परत शिरत असताना मुकादमानं खोलीचं कुलूप काढून मस्टर पंपावर आणलं. त्यानं भिकाजीची सही घेतली आणि माझ्या रकान्यात फुली मारली. गाव बाहेर म्हणजे बाईही बाहेर, असा त्याचा हिशेब. महिनाअखेर होती, ते पान त्याच दिवशी तालुक्याला गेलं. मला पत्ताच नव्हता.

आम्ही कोल्हापूरला गेलो. पूर्वी असल्या कामाला मुंबई गाठावी लागायची, आता कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं बेंच झाल्यापासून घाट चढला की झालं. तिथं फार बोलणं झालं नाही. कोर्टानं सांगितलं, ज्येष्ठता ठरवणाऱ्या अधिकाऱ्यानं दोघांचं म्हणणं ऐकावं, साक्षी घ्याव्यात आणि पुन्हा ठरवावं. सुनावणी जिल्ह्याच्या ठिकाणी, ओरोसला लागली. बाहेर आल्यावर इशिता वकील म्हणाल्या, "तुम्ही कामावर होता हे तुमचं तुम्ही सांगून भागणार नाही. दुसऱ्या कुणीतरी सांगायला हवं."

"साक्षीदारांका काय तोटो?" मी म्हटलं. "सगळो गाव बघी होतो!"

त्याच संध्याकाळी मी सत्यवान गावकरांकडे गेले. गावपळणीचा मान त्यांच्या घराकडे, त्या चौथ्या दिवशी कौलाला तेच उभे होते. नळावर घागर लावणाऱ्यांत त्यांची बायकोही होती. त्यांनी सगळं ऐकलं, मान हलवली आणि म्हणाले, "खरा आसा ता. पण त्या दिवसाची गोष्ट म्हणजे देवाच्या शब्दाची गोष्ट. ती सरकारासमोर शपथेवर सांगूची तर देवाक इचारूक व्हया."

आता हे फक्त आमच्याच गावात होऊ शकतं. खरं आहे हे सगळ्यांना मान्य, पण खरं सांगायचं की नाही हे देवाला विचारायचं! मी हसलेच. देव माझ्याच बाजूचा, त्याच्यापायी तर मी माळावर राहिले, अशी माझी खात्री. गुरवानं रवळनाथाला पाकळ्या लावल्या. सगळे हात जोडून उभे. पाकळी पडली ती डावीकडची. पुन्हा लावल्या. पुन्हा डावी.

"देव नाय म्हणता," सत्यवान हळू आवाजात म्हणाले. "देवाक हापिसात उभो करूचो नाय."

मी देवळात जे बोलले ते इथं लिहिण्यासारखं नाही. रवळनाथाला बोलले, गावकरांना बोलले, गुरवाच्या पाकळ्यांनाही सोडलं नाही. वाईट माणसं नव्हती ती. माझ्या बाळंतपणाला होडी घालणारी, सासूबाईंना खांदा देणारी हीच माणसं. पण कौल डावा पडला की आमच्या गावाचे पाय जमिनीला चिकटतात, तिथं कुणाचं काही चालत नाही.

राहिला भिकाजी. पण त्याला मी काय सांगणार? माझं नाव वर गेलं की त्याचं खाली येणार. यादी लागल्यापासून आमच्यात बोलणंही उरलं नव्हतं. पाळी बदलताना मी किल्ली त्याच्या हातात न देता स्टुलावर ठेवायची आणि तो ती निमूट उचलायचा. त्याची बायको हिरा आता मला बघून पदर सावरून दुसऱ्या वाटेनं जायची. तिचंही बरोबर होतं. तिच्या घरातही दोन मुलं शिकत होती. कौलाच्या दुसऱ्या दिवशी मात्र मला राहवेना. किल्ली स्टुलावर ठेवता ठेवता मी म्हटलं, "भिकाजी, खूश हो. आमच्या देवानच माका बुडवल्यान." आणि झालेली गोष्ट सगळी सांगून टाकली. त्यानं ऐकलं. नेहमीसारखं. मग मोटारीला कान लावला आणि म्हणाला, "बेअरिंग वाजता, वयनी. मेकॅनिकाक फोन केलास?"

मी तणतणत घरी आले.

सुनावणीच्या दिवशी आमचे हे, मी आणि इशिता वकील ओरोसच्या त्या कार्यालयात बाकावर बसलो होतो. समोरच्या बाकावर भिकाजी, पांढरा शर्ट, केसांना तेल. शेजारी हिरा. त्यालाही बोलावलेलंच होतं, दुसरी बाजू म्हणून. अधिकारी साताऱ्याकडचे, आमच्या जिल्ह्यात नवीन. त्यांनी माझं ऐकून घेतलं, चष्मा काढला, पुसला आणि विचारलं, "देवानं परवानगी दिली नाही, म्हणजे नेमकी कुणी दिली नाही?"

इशिता वकिलांनी कौल समजावून सांगितला. साहेबांनी शांतपणे ऐकला.

"म्हणजे सगळं गाव चार दिवस बाहेर होतं. आणि या बाई कामावर होत्या, हे गावातल्या सगळ्यांनी बघितलं. मग सांगायला कुणीच का आलं नाही?"

मी इशिता वकिलांकडे बघितलं. पुन्हा कौलच सांगायचा? इशिता वकिलांनीही मान खाली घातली. साहेब कागदावर काहीतरी लिहायला लागले. मनात म्हटलं, शर्मिला, संपलं. इतकी वर्षं पाणी सोडलंस, आता पाणी सोड नोकरीवर.

मग साहेबांनी भिकाजीला विचारलं, "तुमचं म्हणणं?"

भिकाजी उठला. हात बांधून, ऑफिसात बोलायचं तसं शुद्ध बोलायला लागला. "साहेब, मी त्या दिवशी दुसऱ्या पाळीला पंपावर गेलो. तेव्हा या तिथे हजर होत्या. मोटार चालू होती. मी स्वतः यांच्याकडून चावी घेतली."

हिरानं त्याच्या शर्टाचं टोक मागून ओढलेलं मी बघितलं.

साहेब म्हणाले, "तुम्हाला समजतंय ना तुम्ही काय सांगताय? हे मी लिहून घेतलं तर यादीत तुम्ही दुसरे व्हाल. जागा एकच आहे."

"समजतं, साहेब."

"मग? यांच्या गावातला एक माणूस बोलायला आला नाही. तुम्ही कशाला बोलताय?"

आता मात्र भिकाजीचं शुद्ध मराठी सरलं. "त्यांका त्यांच्या देवान आडवल्यान, सायब. तो त्यांचो देव, त्यांका ऐकूकच व्हया. माझो देव वायलो. नदीपलीकडलो."

"त्याला विचारलंत?"

"नाय, सायब." भिकाजी खाली बघत होता. "इचारूकच नाय. इचारलंय आसता तर तेनापण नाय म्हटल्यान आसता. माझो फायदो बघून."

साहेब हसले नाहीत. त्यांनी भिकाजीला बसायला सांगितलं, शिपायाला पाणी आणायला सांगितलं आणि ते पाणी आधी भिकाजीला द्यायला लावलं. मग लिहिलं. बराच वेळ लिहिलं. भिकाजीनं खाली सही केली. मला सही करायला बोलावलं तेव्हा मला कागद दिसत नव्हता. इशिता वकिलांनी जागेवर बोट ठेवून दाखवलं.

बाहेर आल्यावर हिरा एकटीच पुढं निघून गेली. कसालच्या गाडीला वेळ होता म्हणून आम्ही बाजारात थांबलो. मी भिकाजीजवळ गेले. कितीतरी बोलायचं मनात होतं आणि तोंडातून निघालं काय, तर, "तुका काय गरज होती रे?"

"वयनी," तो म्हणाला, "चौथ्या दिसाक तू नसतंस तर आमच्या गावाक पाणी खंयसून इला आसता? माझ्या घरात त्या दिवशी बारसा होता. पाव्हणे पाण्यावाचून रवले नाय. मी ता इसरलंय म्हणूचा काय?"

बाजारात इतक्या माणसांदेखत मी त्याचे दोन्ही हात धरले आणि रडले. आमचे हे लाजून केळीवाल्याकडे जाऊन उभे राहिले. मला लाज वाटली नाही, अजूनही वाटत नाही. माझ्या पाठच्या भावानंही माझ्यासाठी एवढं केलं नसतं. उपकार फेडायची भाषा मी करत नाही, ते फिटण्यातले नाहीत. मी निवृत्त झाले की ती जागा त्याला, असं साहेबांनी टिपणीत लिहिलं आहे खरं. पण त्या टिपणीच्या भरवशावर तो बोलला नव्हता, ती त्याच्या बोलण्यानंतरची आहे. हे मी सगळ्यांना मुद्दाम सांगते, कारण लोकांना चांगल्या माणसाच्या मागं हिशेब शोधायची सवय असते.

हुकूम आला. मी कायम झाले. हिरा अजून माझ्याशी बोलत नाही आणि मी तिला दोष देत नाही. तिच्या दारात मी बांगडे पाठवते, ते ती घेते. सध्या तेवढं चाललं आहे.

हुकूम आला त्या आठवड्यात मी नारळ घेऊन देवळात गेले. इतकं वाटेल तसं बोलून ठेवलेलं, जाऊ की नको असं झालं होतं. पण सत्यवान गावकर स्वतः बोलवायला आले. "गाऱ्हाणा घालूया," म्हणाले. गाऱ्हाणं म्हणजे आमच्याकडे नारळ हातात धरून देवाकडे घातलेलं मागणं. सगळे जमले होते, साक्षीला न आलेले सगळे. कुणी माझ्या डोळ्याला डोळा देत नव्हतं. सत्यवान नारळ हातात घेऊन उभे राहिले.

मी म्हटलं, "माझ्या नावान घालू नकात. भिकाजीच्या नावान घाला. त्येची बायको हिरा, त्येची पोरां, सगळ्यांच्या नावान."

सत्यवान अडखळले. "तो आपल्या गावचो नाय. भायल्या गावच्या माणसाचा नाव ह्या देवळात घेवचा तर आधी देवाक..." आणि गुरवानं पाकळ्यांच्या ताटाकडे हात नेला.

"थांब," मी म्हटलं. या खेपेला ओरडले नाही. "माका देवाक काय इचारूचा नाय. माका देवाक सांगूचा आसा."

गुरवाचा हात तिथंच राहिला. सत्यवान माझ्याकडे बघत राहिले, मग देवाकडे, मग पुन्हा माझ्याकडे. त्यांनी नारळ कपाळाला लावला आणि सुरुवात केली.

"बा देवा रवळनाथा, नदीपलीकडे भिकाजी म्हणान एक माणूस आसा. तो तुका म्हायत नसात, तर आज आयक..."

"व्हय म्हाराजा!" लोक म्हणाले.

"जा आमच्या हातसून होवक नाय, ता त्या माणसान केल्यान..." सत्यवानांनी नारळ पुन्हा कपाळाला लावला.

"व्हय म्हाराजा!" आता देऊळ घुमलं. बायकासुद्धा ओरडल्या. इतकं मोठं 'व्हय' मी त्या देवळात कधी ऐकलं नव्हतं.

"तेका, तेच्या बायकोक, तेच्या पोरांका तुझ्या लेकरांवांगडा सांभाळ. आनी आमचा काय चुकला आसात ता पदरात घे..."

"व्हय म्हाराजा!"

भिकाजी तेव्हा पंपावर होता. देवळात उशीर होईल म्हणून माझी पाळीही त्या दिवशी तोच करत होता.